पॅकिंग टाकूनही बफर पुन्हा खाली येतोय? आधी हेडस्टॉक बघा

तक्रार नेहमीची आहे. गाडी पिटवर म्हणजे तपासणीच्या लाईनवर लागते. एखाद्या डब्याचा एका कोपऱ्यातला बफर (टोकाला पुढे आलेला, धक्का झेलणारा भाग) शेजारच्या डब्याच्या बफरपेक्षा खाली दिसतो. डबा सिक लाईनला म्हणजे दुरुस्तीच्या लाईनला काढायचा, पॅकिंग टाकून उंची भरून काढायची, वहीत आकडा लिहायचा आणि डबा परत गाडीच्या रेकमध्ये लावायचा. महिना-दीड महिना गेला की तोच डबा, तेच टोक, तोच बफर. पुन्हा पॅकिंग.

रेल्वेचे डबे सांभाळणाऱ्या कॅरेज अँड वॅगन खात्यात नवीन लागलेल्या मुलांसाठी मुख्यतः हे लिहितोय. जुन्या फिटरना यातलं बरंचसं हाताला माहीत असतं, पण ते बोलून दाखवत नाहीत, आणि नवीन मुलगा पॅकिंगची रिंग शोधायला स्टोअरकडे धावतो. मीही धावलो आहे.

इथे बोलणं आयसीएफ (इंटिग्रल कोच फॅक्टरी) डब्यांबद्दल आहे. चेन्नईतल्या पेरांबूरच्या कारखान्यात 1955 पासून स्विस आराखड्यावर हे डबे बनत आले. जानेवारी 2018 मध्ये त्या आराखड्याचा शेवटचा डबा बाहेर पडला, तरी रुळांवर ते अजून आहेत. काही डबे वय झाल्यावर मोटारी वाहून नेणाऱ्या एनएमजी मालडब्यांमध्ये बदलले जातात आणि पुढेही धावतात. म्हणजे डब्याचं वय वाढतंय आणि टोकाचा सांगाडा तोच आहे. ही तक्रार येत्या वर्षांत जास्त दिसेल, कमी नाही.

बफर खाली आहे म्हणजे नेमकं काय खाली आहे?

डब्याच्या टोकाला आडवा बसवलेला जो मजबूत भाग असतो तो हेडस्टॉक. जाड पत्रे वेल्ड करून तो बनवलेला असतो. मधोमध ड्रॉ-बार आणि स्क्रू कपलिंग, दोन्ही बाजूंना एकेक बफर. दोन बफरच्या मध्यांतलं अंतर 1956 मि.मी. इंजिनाची ओढ ड्रॉ-बारमधून येते, धक्का बफरमधून येतो, आणि दोन्ही हेडस्टॉकमधूनच पुढे सोलबारकडे म्हणजे डब्याच्या लांबीभर जाणाऱ्या कण्याकडे जातं. बफरचं केसिंग चार बोल्टांनी हेडस्टॉकवर घट्ट बसवलेलं असतं. त्या केसिंगमध्ये प्लंजर मागे-पुढे सरकतो, आणि आत रबर पॅडची चळत असते. धक्का बसला की प्लंजर आत जातो, पॅड दबतात आणि सोडतात.

आता आपण उंची मोजतो ती कुठे? प्लंजरच्या तबकडीच्या मध्यावर, रुळाच्या माथ्यापासून. रिकाम्या डब्याला ही उंची 1105 मि.मी.पेक्षा जास्त चालत नाही आणि भरलेल्या डब्याला 1030 मि.मी.पेक्षा कमी चालत नाही. या दोन टोकांतला फरक 75 मि.मी. आहे. शेजारशेजारचे दोन डबे नियमात असतील तर त्यांच्या बफरांमध्ये यापेक्षा जास्त तफावत पडणारच नाही. तफावत वाढली की वळणावर किंवा सांध्यावर एक तबकडी दुसरीच्या कडेखाली शिरते आणि अडकते. बफर अडकलेली गाडी ज्याने बघितली आहे त्याला पुन्हा सांगावं लागत नाही की हे माप का घ्यायचं.

मुद्दा असा की तबकडी हेडस्टॉकपासून दोन फूट पुढे आलेली असते. ती खाली दिसण्याची दोन कारणं असू शकतात. एक, डबाच त्या कोपऱ्यात बसलाय, त्याच्यासोबत हेडस्टॉकही खाली आलाय. दोन, डबा जागच्या जागी आहे पण बफर पुढून मान टाकतोय. पहिल्याचा इलाज ट्रॉलीत म्हणजे डब्याखालच्या चाकं-स्प्रिंगांच्या गाड्यात आहे, दुसऱ्याचा टोकाला. तबकडीवरच्या एका आकड्यात हे दोन्ही सारखेच दिसतात. वहीत आपण तोच एक आकडा लिहितो, आणि तिथेच चूक होते.

म्हणून प्रत्येक बफरची दोन मापं घ्या: एक तबकडीच्या मध्यावर, दुसरं केसिंगच्या मुळाशी, हेडस्टॉकला लागून. दोन्ही खाली असतील तर ट्रॉलीकडे जा. मूळ बरोबर आणि तबकडी खाली असेल तर ट्रॉलीला हात लावू नका.

माप घेण्याआधी

निम्म्या वेळा माप चुकीचं असतं, डबा नव्हे. डबा रिकामा हवा. टाक्यांचं पाणी विसरू नका: संडासांवरच्या छतातल्या टाक्या एका टोकाला भरलेल्या आणि दुसऱ्या टोकाला रिकाम्या असतील तर एक टोक दबणारच. लाईन समतल हवी. सिक लाईनवर एखाद्या जागी रूळ दबलेला असतो, आणि तिथे उभा केलेला प्रत्येक डबा त्याच कोपऱ्यात लो निघतो. दोन्ही रुळांवर सरळपट्टी टाका, तिच्यावर पाणसळ ठेवा, आणि माप पट्टीपासून घ्या. स्क्रू कपलिंग सोडा, कारण ते ताणलेलं असताना शेजारचा डबा तुमच्या डब्याचं टोक धरून असतो. ब्रेक सुटलेले हवेत. जॅकवरून नुकताच उतरवलेला डबा असेल तर चार-सहा मीटर मागेपुढे ढकलून घ्या, म्हणजे स्प्रिंगा आपल्या जागी बसतील.

डबाच बसला असेल तर

आधी चाकं. नवं चाक 915 मि.मी. व्यासाचं असतं. खराद होत जातं तसा व्यास कमी होतो आणि डबा त्याच्या निम्म्याने खाली येतो. ही उंची भरून काढायला लोअर स्प्रिंग सीटखाली पॅकिंग रिंग असते, आणि तिचं गणित सरळ आहे: 889 मि.मी. व्यासाला 13 मि.मी., 863 ला 26, 839 ला 38, 819 ला 48. 915 मधून व्यास वजा करा आणि निम्मं करा, उत्तर तेच येतं. पॅकिंग हे चाकाच्या झिजेचं उत्तर आहे. चाक 889 चं आणि खाली 38 ची रिंग असं दिसलं तर समजा, आधी कोणीतरी दुसराच काही दोष या रिंगेखाली झाकून गेलाय.

व्यासांची आपसातली तफावतही बघा. खरादीनंतर एकाच धुऱ्यावरच्या दोन चाकांत 0.5 मि.मी., एका ट्रॉलीत 5 मि.मी. आणि एका डब्यात 13 मि.मी. यापेक्षा जास्त फरक नको.

मग स्प्रिंगा. प्राथमिक स्प्रिंग तुटते ती बहुतेक वेळा खालच्या वेढ्यात, जिथे माती आणि पाणी साठतं. डब्याच्या वजनाखाली तुटकी टोकं एकमेकांवर चपखल बसलेली असतात, वरून टॉर्च मारून दिसत नाहीत. वाकून, माती खरवडून, बोट फिरवून बघावं लागतं. स्प्रिंग धड असेल तर रंगाचा पट्टा बघा. वजनाखालच्या उंचीप्रमाणे स्प्रिंगांचे गट पाडलेले असतात: ए गट पिवळा, बी गट गडद निळा, सी गट हिरवा. एका ट्रॉलीत गट मिसळले की एखादा कोपरा तुटफूट नसतानाही बसतो.

एक गैरसमज इथेच काढून टाकतो. डॅशपॉटमधलं म्हणजे स्प्रिंगच्या आतल्या नळकांड्यातलं तेल कमी झालं म्हणून डबा बसत नाही. वजन स्प्रिंगवर असतं, तेल फक्त उसळी शमवतं. तेल कमी असेल तर जरूर भरा, पण त्याने बफर वर येईल अशी आशा धरू नका.

बोल्स्टरचे (ट्रॉलीतल्या भार पेलणाऱ्या आडव्या तुळईचे) हँगर, त्यांच्या पिना आणि ब्लॉक, साईड बेअररचे झिजणारे तुकडे, यांतली प्रत्येक झीज दोन-चार मि.मी.ची असते, पण ती एकाच कोपऱ्यात जमली की आकडा दिसायला लागतो. पीओएचला म्हणजे ठरावीक मुदतीच्या मोठ्या दुरुस्तीला हे सगळं बदललं जातं, मधल्या काळात फक्त बघून ठेवायचं.

डबा बरोबर आहे, बफर मान टाकतोय

इथे मला थांबायचंय, कारण माझा धडा इथला आहे.

एक स्लीपर डबा होता. एका टोकाचा उजवा बफर 1070, डावा 1094. चाकं 889 च्या आसपास, खाली 13 ची रिंग, म्हणजे सगळं जिथल्या तिथे. आम्ही काय केलं? उजव्या बाजूला 13 ऐवजी 26 ची रिंग टाकली. बफर 1083 ला आला. दोन्ही बाजूंना टाकली असती तर डावा 1107 ला जाऊन 1105 ची मर्यादा ओलांडली असती. तेव्हाच शंका यायला हवी होती. आम्ही एकाच बाजूला टाकून मोकळे झालो. हे कधीही करू नका. एका कोपऱ्याखाली पाचर मारली की टेबल जसं तिरपं होऊन कर्णाच्या दोन पायांवर उभं राहतं, तसा डब्याचा भार कर्णात जातो आणि उरलेल्या दोन कोपऱ्यांची चाकं हलकी होतात. हलकं चाक वळणावर रुळावर चढायला बघतं. बफरचा आकडा सुधारायला गेलो आणि त्याहून मोठा धोका गाडीखाली बांधून दिला.

दीड महिन्याने डबा परत आला. बफर 1076. या वेळी स्प्रिंगांवर संशय घेतला, उजव्या बाजूच्या काढून दुसऱ्या टाकल्या. बफर 1079. काढलेल्या स्प्रिंगा टेस्टिंगला लावल्या तर ठणठणीत निघाल्या.

तिसऱ्या वेळी 1074. त्या दिवशी आमचे एक जुने मिस्त्री होते. त्यांनी टेप माझ्या हातातून घेतली आणि तबकडी सोडून केसिंगच्या मुळाशी लावली. 1103. मुळाशी 1103 आणि तबकडीला 1074, म्हणजे दोन फुटांत 29 मि.मी.चा उतार. डबा कधीच बसलेला नव्हता. उलट आमच्या पॅकिंगने तो कोपरा उचलला गेला होता.

त्यांनी पहार मागवली आणि प्लंजरच्या खाली घालून तबकडी वर उचलली. 15 मि.मी. वर आली. एवढी ढिलाई प्लंजर आणि केसिंग यांच्यातली. आतली घासपट्टी एका बाजूने खाल्ली गेली होती. हे प्रत्येक मान टाकलेल्या बफरवर करून बघा. पहारीने जितका वर येतो तितकी झीज बफरची. तेवढ्यावर उतार संपला तर प्लंजर-केसिंग बदलून काम होतं, हेडस्टॉकला काही झालेलं नाही.

आमचे 14 मि.मी. अजून शिल्लक होते. मिस्त्री म्हणाले, "आता वर बघ." केसिंगची चौकोनी थाळी हेडस्टॉकला जिथे टेकते तिथे वरच्या कडेला फट होती. हॅकसॉचं पातं सहज आत गेलं, वर आणखी जागा राहिली. खालची कड मात्र पत्र्यात रुतलेली. वरचे दोन बोल्ट पान्याने तपासले तर घट्ट होते, आणि मला तेच कळेना. बोल्ट घट्ट आहे तर फट कशी?

ते हेडस्टॉकच्या मागच्या बाजूला शिरले. मी टॉर्च धरला. नटाभोवती काळपट तपकिरी पोपडे होते, एकावर एक, जुन्या पुस्तकाची पानं फुगावीत तसे. हातोडीने हेडस्टॉक डावीकडून ठोकत आले: ठण, ठण, ठण. उजव्या वरच्या बोल्टजवळ आल्यावर आवाज एकदम बसला, भद्द. दुसऱ्या ठोक्याला तळहाताएवढा पोपडा खाली माझ्या पायावर पडला. वॉशर पातळ झालेल्या पत्र्यात वाटीसारखा बसला होता. नट घट्टच होता, पण तो ज्याला धरून होता तो पत्राच वाकत चालला होता. रोज प्रत्येक धक्क्याला थोडा थोडा.

आता उलगडा होतो की पॅकिंग टाकल्यावर बफर परत का उतरायचा. बफरचं वजन आणि शेजारच्या तबकडीशी घासताना येणारी खालची ओढ, दोन्ही वरच्या बोल्टांवर येतात. तिथला पत्रा गेला की बफर खालच्या कडेवर बिजागरीसारखा फिरतो.

हेडस्टॉकचं दुखणं आणखी एका प्रकारे येतं. शंटिंगला जोरात धक्का बसून तो वाकतो. रबर पॅड मेलेले असतील तर हे लवकर होतं, कारण मग धक्का लोखंडावरून थेट लोखंडात जातो. हेडस्टॉकपासून तबकडीपर्यंतची लांबी मोजा: 635 मि.मी.पर्यंत असू शकते, 584 च्या खाली गेली तर पॅड बदलायला झालेत. वाकलेला हेडस्टॉक ओळखायला दोन्ही केसिंगच्या मुळांमधून सुतळी ताणा आणि मधल्या भागाचं अंतर बघा. उभ्या दिशेला ओळंबा सोडा किंवा गुण्या लावा. गंजलेला हेडस्टॉक कोपऱ्यात ढासळतो, धक्का खाल्लेला मधून किंवा पूर्ण रुंदीत पिळतो, आणि त्याच्यासोबत कपलिंगची उंचीही चुकते. सोलबार जिथे हेडस्टॉकला मिळतो तिथल्या वेल्डला तडा आहे का तेही बघा. रंगात केसाएवढी तपकिरी रेघ दिसली तर रंग खरवडल्याशिवाय पुढे जाऊ नका.

दुरुस्ती

पत्रा गेलेला असेल तर डबा गाडीला लावू नका, तो वर्कशॉपचं काम आहे. गंजलेल्या पत्र्यावर दुसरा पत्रा ठिगळासारखा वेल्ड करणं हा इलाज नाही. वेल्ड कडांना धरते, मधे पाणी कोंडतं आणि आतला गंज कोणाला न दिसता वाढत राहतो. सडका भाग चांगल्या पत्र्यापर्यंत कापून काढायचा, त्याच जाडीचा नवा बसवायचा, आतून प्रायमर आणि बिट्युमिनस रंग द्यायचा. मागची बाजू कोणी बघत नाही म्हणून ती सोडू नका, गंज तिकडूनच आला होता. बोल्ट चारही नवे. आणि आधीच्या फेऱ्यांत टाकलेलं जास्तीचं पॅकिंग आठवणीने काढा, नाहीतर हेडस्टॉक सरळ झाल्यावर तोच कोपरा 1105 च्या वर जाईल.

एलएचबी या नव्या बनावटीच्या डब्यांना बाजूचे बफर नसतात. तिथे मधला सीबीसी (सेंटर बफर कपलर) ओढ आणि धक्का दोन्ही घेतो. पण तपासणीची रीत हीच: कपलरचं डोकं खाली असेल तर आधी त्याला खालून उचलून धरणारा स्प्रिंगचा आधार बघा, मग ट्रॉली.

पाणी कुठून आलं?

त्या डब्याचा हेडस्टॉक वर्कशॉपमध्ये नवा झाला. प्लंजर बदलला, उजव्या बाजूची रिंग परत 13 ची केली. डबा आला तेव्हा उजवा बफर 1093, डावा 1092, मुळाशीही तेच. मी वही मिटणार होतो. मिस्त्री म्हणाले, "उजवीकडचाच पत्रा का सडला ते सांग, मग मीट."

डबा एकच, पाऊस दोन्ही बाजूंना सारखा. मग एकाच कोपऱ्यात एवढा गंज का? आयसीएफ डब्याच्या टोकाला पाणी बऱ्याच ठिकाणांहून उतरतं: वेस्टिब्यूलच्या (दोन डबे जोडणाऱ्या वाटेच्या) फाटक्या कापडातून, दरवाज्याच्या उंबऱ्यातून, संडासाच्या जमिनीच्या भेगांतून. लगेज व्हॅनमध्ये मासळीच्या पेट्या जात असतील तर खारं पाणी, आणि ते साध्या पाण्यापेक्षा कितीतरी लवकर लोखंड खातं. कोकण किनाऱ्यावरून चालणाऱ्या गाड्यांच्या एसएलआरच्या (सामान आणि गार्डच्या डब्याच्या) टोकांकडे म्हणूनच जास्त लक्ष द्या.

आम्ही एक साधी गोष्ट केली. हेल्परला बादली देऊन वर पाठवलं आणि मी खाली हेडस्टॉकच्या मागे टॉर्च घेऊन बसलो. संडासात बादली ओतली, पाणी जिथे पडायला हवं तिथे पडलं. दारात ओतली, थोडं ओघळलं, पण बाहेरून. मग हात धुण्याच्या बेसिनमध्ये ओतली. तीन-चार सेकंदांनी नव्या रंगावर, बरोबर उजव्या वरच्या नटाच्या मागे, धार लागली. बेसिनच्या पाईपला खाली धरून ठेवणारा क्लॅम्प तुटला होता. पाईप बोटभर सरकून हेडस्टॉकच्या आत तोंड करून उभा होता. वर्षानुवर्षं प्रत्येक प्रवाशाने तोंड धुतलेलं पाणी, साबणासकट, त्या एका नटावर पडत आलं होतं.

तेव्हापासून बफर लो म्हणून आलेल्या प्रत्येक डब्याला मी बादली लावतो. वर एक जण, खाली एक जण. आधी संडास, मग दार, मग बेसिन, शेवटी वेस्टिब्यूल, आणि प्रत्येक बादलीनंतर निदान अर्धा मिनिट टॉर्च जागचा हलवायचा नाही, कारण पाणी पत्र्यांच्या पोटातून फिरून यायला वेळ घेतं.